हंगाम संपला तरी बिल चढते: हंगामी उद्योगांसाठी वीजबिलाच्या वादाचे सविस्तर मार्गदर्शन

कापसाची शेवटची गाठ ट्रकमध्ये चढली की जिनिंगमध्ये उरतो एक वॉचमन, दोन-चार बल्ब आणि पाण्याची मोटर. गुऱ्हाळावरची काहील पालथी पडते, कोकणातल्या कॅनिंगच्या शेडला जूनअखेर कुलूप लागते. आणि मग ऑगस्टमध्ये बिल येते, जानेवारीच्या बिलाला शोभेल असे. मालक कार्यालयात जातो. तिथे त्याला सांगतात, "आधी भरा, मग बघू." बहुतेक जण भरतात, कारण पुढच्या हंगामाच्या तोंडावर लाईन तुटणे कोणालाच परवडत नाही.

हे भरणे दरवेळी अपरिहार्य नसते, म्हणून हा लेख. वीजबिलाची बरीचशी सूत्रे सरासरीवर उभी आहेत आणि हंगामी धंद्याला सरासरी लागूच पडत नाही. त्यामुळे अशा वादात एकच प्रश्न शेवटपर्यंत धरून ठेवायचा: कुठल्या महिन्याचा आकडा कुठल्या महिन्याला लावला? पुढचे सगळे विवेचन महाराष्ट्रात महावितरणकडून वीज घेणाऱ्यांसाठी आहे. दर बदलत राहतात, म्हणून रुपयांचे आकडे मी उदाहरणापुरतेच धरले आहेत. तुमच्या महिन्याला लागू असलेला दर आदेश (वीज नियामक आयोगाचा वीजदर ठरवणारा आदेश) समोर ठेवूनच हिशोब करा.

पायरी १: बिल आणि सीपीएल समोर घ्या

बिलावर सहा गोष्टी शोधा: दरवर्ग, मंजूर भार, करार मागणी (एका वेळी जास्तीत जास्त किती वीज घ्यायची याचा कंपनीशी ठरलेला आकडा), नोंदलेली कमाल मागणी (महिन्यात एका वेळी प्रत्यक्ष घेतलेली सर्वांत जास्त वीज), गुणक (ज्याने मीटरच्या रीडिंगला गुणून युनिट निघतात) आणि मीटरची स्थिती. स्थितीच्या रकान्यात 'फॉल्टी', 'लॉक्ड' किंवा 'आरएनए' (रीडिंग उपलब्ध नाही) असे काही असेल, तर ते बिल रीडिंगवरचे नाही, अंदाजाचे आहे. मग उपविभागात लेखी अर्ज करून मागच्या किमान ३६ महिन्यांचे सीपीएल मागा. सीपीएल म्हणजे तुमच्या ग्राहक क्रमांकाची कंपनीकडची खातेवही. त्यात प्रत्येक महिन्याचे रीडिंग, युनिट, समायोजन आणि व्याज ओळीने दिसते. निम्मे वाद या कागदावरच उलगडतात. उच्चदाब किंवा सीटी मीटर (करंट ट्रान्सफॉर्मरमार्फत वीज मोजणारे) असेल तर एमआरआय अहवालही (उपकरणाने मीटरमधून उतरवलेल्या नोंदी) मागा. कमाल मागणी कोणत्या तारखेला, किती वाजता नोंदली गेली हे त्यात असते. बंद शेडमध्ये ११० केव्हीए (केव्हीए हे मागणी मोजण्याचे एकक) कुठून आले, याचे उत्तर तोंडी वादात सापडत नाही, एमआरआयमध्ये सापडते.

पायरी २: तुम्ही कागदावर 'हंगामी' आहात का?

अनेकांचा वाद इथेच फसतो. आपला धंदा हंगामी आहे हे गावाला माहीत असते, कंपनीच्या संगणकाला नसते.

महावितरणच्या दर आदेशात उच्चदाब उद्योगाखाली हंगामी उद्योग असा वेगळा उपवर्ग आहे. वर्षातून जास्तीत जास्त ९ महिने चालणारे उद्योग त्यात येतात. जिनिंग, प्रेसिंग, सरकी तेलगिरण्या, मीठ उत्पादक, खांडसरी आणि गूळ उत्पादक यांची नावे व्याख्येतच आहेत. साखर कारखाने स्पष्ट शब्दांत वगळलेले आहेत. नावाने उल्लेख नसलेल्या उद्योगांनाही, म्हणजे आंबा पल्प, काजू प्रक्रिया किंवा भातगिरणीला, आपला वापर हंगामी असल्याचे दाखवून हा पर्याय मागता येतो.

पण तो मागावा लागतो, आणि आर्थिक वर्षाच्या पहिल्या तिमाहीत, म्हणजे ३० जूनपर्यंत मागावा लागतो. ही तारीख जिनिंगवाल्यांच्या हमखास हातून जाते, कारण मे-जूनमध्ये कारखान्यात कोणीच नसते. कॅनिंगवाल्यांची अडचण उलटी: एप्रिल ते जून हाच त्यांचा ऐन हंगाम, अर्ज लिहायला फुरसत नाही. एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात अर्ज देऊन मोकळे व्हा.

आणखी एक खाच. ९ महिन्यांची मोजणी आर्थिक वर्षात होते. जिनिंगचा हंगाम ऑक्टोबरला सुरू होऊन एप्रिलपर्यंत चालला तर तो दोन आर्थिक वर्षांत विभागला जातो. अर्जात दोन्ही तुकडे तारखांसह लिहा: "१ एप्रिल ते ३० एप्रिल आणि १ ऑक्टोबर ते ३१ मार्च". नुसते "ऑक्टोबर ते एप्रिल" लिहिले की एप्रिल कोणत्या वर्षाचा, यावरून घोळ होतो.

या पर्यायाने फरक किती पडतो? या वर्गासाठी चालत आलेले सूत्र असे: जाहीर हंगामात मागणी आकार (युनिटखेरीज, मागणीच्या केव्हीएवर दरमहा लागणारी रक्कम) नोंदलेली कमाल मागणी, करार मागणीच्या ७५ टक्के आणि ५० केव्हीए यांपैकी सर्वांत मोठ्या आकड्यावर लागतो. जाहीर बिगरहंगामात तो फक्त प्रत्यक्ष नोंदलेल्या मागणीवर लागतो. समजा करार मागणी २०० केव्हीए आहे आणि दर सोयीसाठी ५०० रुपये धरला. हंगामात किमान १५० केव्हीएचे ७५,००० रुपये. बिगरहंगामात वॉचमन आणि मोटरीचे ८ केव्हीए नोंदले गेले तर ४,००० रुपये. तुमचा बिगरहंगाम कंपनीच्या संगणकात हंगाम म्हणूनच राहिला तर दरमहा ७१,००० रुपये जास्त जातात, ६ महिन्यांत ४,२६,०००. हा मजुरांच्या उचलीचा पैसा आहे.

याच सूत्रामुळे बिगरहंगामात यंत्रांची चाचणी सांभाळून घ्या. ओव्हरहॉलिंगनंतर एका दुपारी सगळे जिन एकदम सुरू करून पाहिले, तर त्या अर्ध्या तासाची मागणी पूर्ण महिन्याला लागते. एकेक यंत्र वेगवेगळे चालवून पाहा.

लघुदाब ग्राहकाला या उपवर्गाचा आधार नाही. त्याचे हत्यार करार मागणी नेमकी ठेवणे हे आहे. तिथे वाद होतो तो दरवर्गाचा. शेतकऱ्याने स्वतःच्या उसासाठी चालवलेला चरक कृषी दरात बसू शकतो. दुसऱ्यांचा ऊस गाळून गूळ विकणारे गुऱ्हाळ उद्योगात जाते. शेतमालाचे प्रीकूलिंग आणि शीतगृह यांना 'कृषी–इतर' वर्गात जागा आहे. त्यामुळे द्राक्षाच्या किंवा बेदाण्याच्या शीतगृहाला उद्योगाचे बिल येत असेल, तर दर आदेशातला तो परिच्छेद अर्जाला जोडा आणि वर्गबदल मागा.

पायरी ३: हंगामाच्या दोन्ही टोकांना पुरावा तयार करा

वाद सप्टेंबरात उभा राहतो, पण तो जिंकायचा पुरावा एप्रिलमध्ये तयार करावा लागतो. यंत्र बंद केले त्या दिवशी मीटरचा फोटो काढा. रीडिंग, कमाल मागणी आणि तारीख तिन्ही दिसली पाहिजेत. त्याच दिवशी उपविभागाला पत्र द्या: "आजपासून आमचा कारखाना बंद आहे, मीटरचे रीडिंग अमुक, कृपया प्रत्यक्ष पडताळणी करावी." पत्राची पोच घ्या. शिक्का नसला तर स्पीड पोस्टने पाठवा आणि पावती जपा. सुरू करतानाही हेच करा.

जोडीला धंद्याचे कागद: बाजार समितीच्या खरेदीपट्ट्या, जीएसटी विवरणपत्रे, हजेरीपट, शेवटच्या गाठींचे डिलिव्हरी चलन. ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंचासमोर (वीजबिलाच्या तक्रारी तिथे चालतात, पायरी ८ पाहा) "आम्ही बंद होतो" या वाक्याला वजन नसते. मे महिन्याचे शून्य उलाढालीचे विवरणपत्र आणि रिकामा हजेरीपट यांना असते.

पायरी ४: चूक मीटरची, गुणकाची की तुमच्याच पॅनेलची?

मीटरबद्दल शंका असेल तर चाचणी शुल्क भरून लेखी मागणी करा आणि चाचणीच्या वेळी स्वतः हजर राहा. महाराष्ट्र वीज नियामक आयोगाच्या २०२१ च्या पुरवठा संहितेनुसार सदोष मीटरची दुरुस्ती चाचणी अहवालाच्या आधारे आणि जास्तीत जास्त ३ महिन्यांपुरतीच करता येते. मीटर पूर्ण बंद पडले असेल तरीही कमाल मर्यादा ३ महिनेच. मात्र तिथे वापर त्याआधीच्या १२ महिन्यांच्या सरासरीवर धरला जातो.

हंगामी ग्राहकाला ही सरासरी बाधते. समजा वर्षाचा वापर १,८०,००० युनिट आहे. सरासरी झाली महिन्याला १५,०००. मीटर जूनमध्ये बंद पडले तर ६०० युनिट वापरणाऱ्या बंद शेडला १५,००० युनिटचे बिल येते. नियमात सरासरीच लिहिली आहे, त्यामुळे हा मुद्दा फक्त पुराव्याने मांडता येतो. मागच्या दोन वर्षांच्या जूनचे युनिट सीपीएलमधून काढा, नवे मीटर बसल्यावरच्या जुलै-ऑगस्टचे युनिट त्याशेजारी ठेवा, जाहीर बिगरहंगामाचे पत्र जोडा आणि 'त्याच महिन्याचा मागील वर्षाचा वापर' हा आधार मागा. हा तक्ता एका पानावर बसवा. वाचणाऱ्याला फरक एका नजरेत दिसला पाहिजे.

गुणकाची चूक वेगळी. सीटी बदलली आणि संगणकात गुणक जुनाच राहिला, की वर्षानुवर्षे बिल अर्धे किंवा दुप्पट येत राहते. हरियाणातल्या प्रेम कॉटेक्स या ग्राहकाच्या प्रकरणात गुणक १० ऐवजी ५ लागला होता. ५ ऑक्टोबर २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने कंपनीची फरकाची मागणी वैध ठरवली. म्हणून सीटी किंवा मीटर बदलल्यावर पहिल्याच बिलावरचा गुणक स्वतः तपासा. बिल कमी येतेय म्हणून गप्प बसणे पुढे महागात पडते.

तिसरी शक्यता मनाविरुद्ध असली तरी तपासा. १ एप्रिल २०२० पासून महावितरणच्या उच्चदाब ग्राहकांचे बिल नेहमीच्या केडब्ल्यूएच युनिटवर नव्हे, तर पॉवर फॅक्टरचा परिणामही धरणाऱ्या केव्हीएएच युनिटवर होते. बिगरहंगामात भार नगण्य आणि स्थिर कपॅसिटर चालूच, असे असेल तर पॉवर फॅक्टर लीडिंगकडे जातो आणि केव्हीएएच युनिट फुगतात. बिलावर केडब्ल्यूएच ४०० आणि केव्हीएएच १,९०० दिसत असतील, तर आधी वायरमनला बोलावून कपॅसिटर बंद करा. ही तक्रार मंचात टिकणार नाही.

पायरी ५: वादग्रस्त बिल हाती आले की पहिले १५ दिवस

वीज कायदा २००३ चे कलम ५६ पाठ करून ठेवण्यासारखे आहे. थकबाकीसाठी वीज तोडण्यापूर्वी पूर्ण १५ दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते. तोंडी तंबी किंवा लाईनमनचा फोन ही नोटीस नव्हे. त्याच कलमाच्या परंतुकानुसार ग्राहकाने हरकत नोंदवून मागितलेली रक्कम, किंवा मागील ६ महिन्यांत भरलेल्या सरासरी आकाराने दरमहा होणारी रक्कम, यांपैकी जी कमी असेल ती भरली, तर वाद मिटेपर्यंत वीज तोडता येत नाही.

आता हे हंगामी ग्राहकाच्या नजरेने वाचा. फरकाचे ६,४०,००० रुपयांचे बिल नोव्हेंबरच्या सुरुवातीला आले. मागचे ६ महिने मे ते ऑक्टोबर, म्हणजे बहुतेक बंद काळ, आणि त्यात सरासरी १२,००० रुपये भरले गेले. तर दरमहा १२,००० रुपये हरकतीसह भरून तुम्ही हंगाम सुरू ठेवू शकता. हेच बिल मे महिन्यात आले तर मागचे ६ महिने ऐन हंगामाचे असतात आणि सरासरी लाखावर जाते. म्हणून नोव्हेंबरात आलेले बिल "नंतर बघू" म्हणून मेपर्यंत लांबवू नका.

रक्कम भरताना सोबत पत्र द्या. त्याचा मजकूर साधारण असा:

"ग्राहक क्रमांक अमुक. दिनांक अमुकच्या बिलातील रु. अमुक इतक्या फरकाच्या मागणीस आमची हरकत आहे. सदर कालावधीत आमचा कारखाना जाहीर बिगरहंगामामुळे बंद होता (पत्र व पोच जोडली आहे). वीज कायदा २००३, कलम ५६(१) च्या परंतुकानुसार मागील ६ महिन्यांच्या सरासरीप्रमाणे रु. अमुक ही रक्कम हक्क राखून, हरकतीसह भरत आहोत. वादाचा निर्णय होईपर्यंत वीजपुरवठा खंडित करू नये. फरकाच्या मागणीचा महिनावार हिशोब, सीपीएल आणि तपासणी अहवाल आम्हाला द्यावा."

'हक्क राखून, हरकतीसह' हे शब्द गाळू नका. ते नसतील तर तुम्ही मागणी मान्य करून पैसे भरले, असा युक्तिवाद पुढे होतो. हप्ते पाडून घेतानाही हेच. हप्त्याच्या अर्जावर 'थकबाकी मान्य आहे' असे छापलेले असेल, तर तिथे हरकत लिहूनच सही करा.

पायरी ६: मागच्या वर्षांची वसुली कितपत चालते?

लेखापरीक्षणात काहीतरी सापडते आणि पाच वर्षांचे फरकाचे बिल येते. अशा वेळी दोन प्रश्न वेगळे ठेवा.

वर्ग बदलून मागची वसुली असेल, तर आयोगाचा ११ फेब्रुवारी २००३ चा प्रकरण क्रमांक २४/२००१ मधील आदेश जोडा. लेखापरीक्षकाने दाखवले तरी अचानक केलेल्या पुनर्वर्गीकरणावर मागील थकबाकी वसूल करता येणार नाही, वसुली पुढच्या काळापासूनच, असे त्यात म्हटले आहे. वीज अपीलीय न्यायाधिकरणाने ७ ऑगस्ट २०१४ रोजी अपील १३१/२०१३ मध्ये दरातील फरक चूक लक्षात आल्याच्या तारखेपासून वसूल करता येईल, असे म्हटले. हे दोन्ही आदेश एकत्र जोडले की युक्तिवादाला बळ येते.

वर्ग तोच, पण युनिट किंवा गुणक चुकल्याची वसुली असेल, तर कलम ५६(२) ची दोन वर्षांची मर्यादा येते. मुंबई उच्च न्यायालयाच्या मोठ्या पीठाने १२ मार्च २०१९ रोजी पहिल्या मागणीच्या तारखेपूर्वीच्या दोन वर्षांपलीकडचा आकार मागता येणार नाही, असे म्हटले. त्यानंतर १८ फेब्रुवारी २०२० रोजी रहमतुल्ला खान प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की खऱ्याखुऱ्या चुकीपोटी मुदतीनंतरही अतिरिक्त मागणी काढता येते, पण तिच्यासाठी वीज तोडण्याचा धाक दाखवता येत नाही. कंपनी या निकालाचा पहिला अर्धा भाग वाचून दाखवील. दुसरा अर्धा तुम्ही वाचून दाखवा.

पायरी ७: भरारी पथक आले तर

वीज कायद्याचे कलम १२६ म्हणजे अनधिकृत वापर: मंजूर हेतूपेक्षा वेगळा वापर, वेगळ्या जागेत वापर, मीटरमध्ये छेडछाड वगैरे. इथे आकारणी दुप्पट दराने होते, आणि कालावधी ठरवता आला नाही तर तपासणीपूर्वीचे १२ महिने धरले जातात. हंगामी ग्राहकासाठी कालावधी हाच कळीचा शब्द आहे. ६ महिने चाललेल्या कारखान्याला १२ महिन्यांची आकारणी लागली, तर पायरी ३ मधले बंद-चालूचे पुरावे इथे लाखो रुपये वाचवतात.

पंचनाम्यावर न वाचता सही करू नका. पटत नसेल तर 'हरकतीसह' लिहून सही करा. तात्पुरता आकारणी आदेश मिळताच लेखी हरकत द्या आणि सुनावणी मागा, कारण तो आदेश मिळाल्यापासून ३० दिवसांत अंतिम आदेश व्हायचा असतो. अंतिम आदेशाविरुद्ध कलम १२७ खाली ३० दिवसांत अपील करता येते. त्यासाठी आकारणीच्या निम्मी रक्कम आधी भरावी लागते.

करार मागणी ओलांडल्याचा विषयही इथेच येतो. ओरिसातल्या सीताराम राइस मिल प्रकरणात २०११ साली सर्वोच्च न्यायालयाने मंजुरीपेक्षा जास्त भार वापरणे कलम १२६ मध्ये बसवले. महाराष्ट्रातल्या दर आदेशात करार मागणीपेक्षा जास्त नोंद झाली तर त्या जादा मागणीवर अतिरिक्त १५० टक्के मागणी आकार लागतो. ऊस किंवा कापूस जोरात आला म्हणून करार मागणी ढकलत बसू नका, वाढवून घ्या.

पायरी ८: मंच आणि लोकपाल

कलम १२६ किंवा चोरीचे प्रकरण असेल तर ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंचाचे दार बंद आहे. तशा आकारणीविरुद्ध ग्राहक आयोगातही जाता येत नाही, हे २०१३ च्या अनिस अहमद निकालाने स्पष्ट केले. बाकीच्या बिलविषयक वादांसाठी मंच हीच योग्य जागा. आधी कंपनीच्या कार्यालयात लेखी तक्रार, समाधान झाले नाही तर मंचाकडे अर्ज. तक्रारीचे कारण घडल्यापासून २ वर्षांच्या आत तो दाखल व्हावा लागतो. वकील लावण्याची गरज नाही. तुमचे सीपीएल तुम्हाला जितके कळते तितके दुसऱ्या कोणाला कळणार नाही.

अर्जात मागण्या क्रमाने आणि आकड्यांत लिहा. "न्याय मिळावा" ही मागणी नव्हे. "एप्रिल ते सप्टेंबर या ६ महिन्यांचा मागणी आकार प्रत्यक्ष नोंदीवर काढावा, जादा भरलेले रु. ४,२६,००० कलम ६२(६) नुसार बँक दराने व्याजासह परत करावेत आणि निर्णयापर्यंत वीज तोडू नये" ही मागणी होते. वीज तुटण्याचा धोका असेल तर अंतरिम आदेशाचा अर्ज त्याच दिवशी जोडा.

मंचाचा आदेश पटला नाही तर ६० दिवसांत विद्युत लोकपालाकडे जाता येते. कार्यालये मुंबई आणि नागपूरला आहेत. मंचाच्या आदेशाने भरावयाच्या रकमेच्या ५० टक्के किंवा २५,००० रुपये, यांपैकी जी रक्कम कमी असेल ती आधी जमा करावी लागते. पुढे उच्च न्यायालयात रिट.

पायरी ९: सुरक्षा ठेवीची नोटीस

ही वेगळी नोटीस असते आणि लोक तिला वादाचाच भाग समजतात. एरवी ठेव मागील १२ महिन्यांच्या सरासरी बिलावरून काढतात, पण हंगामी ग्राहकासाठी हंगामातील बिलेच सरासरीला धरतात. त्यामुळे ठेवीचा आकडा मोठा दिसतो आणि तेवढ्याने तो चुकीचा ठरत नाही. तपासायचे ते इतकेच की हंगामात धरलेल्या बिलांत वादग्रस्त फरकाचे बिल मिसळले आहे का. मिसळले असेल तर ते वगळून फेरहिशोब मागा. ठेवीवरचे व्याज दरवर्षी बिलात जमा दिसले पाहिजे.

आदेश बाजूने लागला तरी फाईल मिटवू नका. पुढच्या दोन बिलांत रक्कम वजा झाली का, थकबाकीच्या रकान्यातून जुना आकडा आणि त्यावरचे व्याज गेले का, हे सीपीएलची नवी प्रत काढून पाहा. मंचाच्या आदेशाची अंमलबजावणी होत नसेल तर कलम १४२ खाली वीज नियामक आयोगाकडे अर्ज करता येतो. त्या अर्जाला आदेशाची प्रत, अंमलबजावणीसाठी दिलेल्या पत्राची पोच आणि आदेशानंतरची सगळी बिले जोडा.